देवासारखा कोण? मायकल या नावाची गोष्ट

माझ्या मावसबहिणीची लेक टोरांटोला असते. नवरा गोव्याचा, म्हापशाकडचा. तिचे दिवस भरत आले तेव्हा आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर नावांचा पूर आला. इकडून अर्णव, अद्वैत, रेयांश. तिकडून सासूबाईंचं एकच म्हणणं, मुलगा झाला तर आजोबांचं नाव. आजोबा मिंगेल. मिंगेल म्हणजे आपला मायकल, एवढं सगळ्यांच्या लक्षात आलं. मग कुणीतरी शोधून टाकलंच : ‘मायकल, अर्थ : देवासारखा.’ त्यावर अंगठे, जोडलेले हात, आणि मावशीचा आवाजी निरोप : ‘छान आहे की गं. देवासारखा!’

मला राहवलं नाही. नावांच्या याद्यांमध्ये हा अर्थ सर्रास छापलेला असतो, आणि तो बरोबर उलटा आहे. या नावात ‘देव’ आहे, ‘सारखा’ही आहे, पण तिसरा शब्द यादी करणाऱ्यांनी गाळलाय, आणि नावाचा सगळा जीव त्याच शब्दात आहे.

मूळ हिब्रू नाव मिखाएल. तीन तुकडे : मी, खा, एल. मराठी माणसाला पहिल्याच अक्षरात चकवा बसतो, कारण हिब्रूत ‘मी’ म्हणजे ‘कोण’. (आपला ‘मी’ तिकडे ‘अनी’.) ‘खा’ म्हणजे ‘सारखा’. हा मुळात ‘क’च, पण स्वरामागून आला की घशातून निघतो, उर्दूच्या ‘ख़बर’मधल्या ख़सारखा. आणि ‘एल’ म्हणजे देव. हिब्रूला ‘आहे’ लागत नाही, आपल्या ‘हा माझा भाऊ’सारखंच. तेव्हा तीन तुकडे जोडले की एक अख्खं वाक्य उभं राहतं : देवासारखा कोण? उत्तर गृहीत आहे. कोणी नाही.

म्हणजे हे वर्णन नाही, सवाल आहे. प्राचीन हिब्रू लिखाणात प्रश्नचिन्ह नव्हतंच. त्यात नवल नाही, आपल्या मोडीतही विरामचिन्हं नव्हती, शब्दांमध्ये मोकळी जागासुद्धा नसायची. प्रश्न आहे हे सांगायचं काम त्या ‘मी’वरच होतं. परक्या भाषांत गेल्यावर ‘मी’ कुणाला कळेना, आणि सवालाचं कौतुक झालं.

आपल्याकडची जवळची नावं शोधायची तर अतुल आणि अनुपम. ज्याला तुलना नाही तो अतुल, ज्याला उपमा नाही तो अनुपम. कल्पना तीच. फरक इतकाच की अतुल म्हणताना आपण पोराला अतुल म्हणतो. मिखाएल म्हणताना आई-बाप पोराबद्दल काहीच म्हणत नाहीत, ते देवाबद्दल बोलतायत. पोराच्या अंगावर देवाची थोरवी सांगणारी पाटी लावलीये, एवढंच. त्या पाटीचा अर्थ ‘हा देवासारखा’ असा काढणं म्हणजे रामदास नावाच्या माणसाला राम समजण्यासारखं आहे.

‘एल’ हा शब्द एकट्या यहुद्यांचा नाही. अक्कडी भाषेत देवाला ‘इलू’, अरबीत ‘इलाह’, आणि त्यातूनच अल्लाह. सगळी एकाच सेमिटिक कुळातली भावंडं. हिब्रूत ‘एल’ जोडून नावं करायची फार जुनी रीत. दानिएल म्हणजे देव माझा न्यायाधीश. रफाएल, देवानं बरं केलं. उरिएल, देव माझा उजेड. गब्रिएल, देव माझं बळ. नथानिएल, देवानं दिला, म्हणजे शब्दाला शब्द आपला देवदत्त. ही सगळी विधानं आहेत, आणि त्यांच्या रांगेत मिखाएल तेवढा प्रश्न विचारत उभा आहे.

अशी प्रश्नार्थक नावं ठेवणारे यहुदी एकटे नव्हते. प्राचीन इराकातल्या असिरियाच्या मातीच्या पाट्यांवर ‘मन्नू-की-अश्शूर’ असं नाव सापडतं : अश्शूर देवासारखा कोण? ‘मन्नू-की-अदाद’ही आहे : अदाद देवासारखा कोण? म्हणजे त्या सगळ्या मुलखात ही नामकरणाची चाल रूढ होती. प्रत्येकजण आपापल्या देवापुरता तोच सवाल करत होता, आणि प्रत्येकाचं उत्तरही तेच होतं.

आता एक गंमत. मायकल म्हटलं की पंखवाला, तलवार उगारलेला देवदूत डोळ्यांसमोर येतो. पण बायबलात हे नाव आधी साध्या माणसांचं आहे. जुन्या करारात (म्हणजे यहुद्यांच्या हिब्रू बायबलात) या नावाची दहाएक माणसं भेटतात, आणि बहुतेक सगळी वंशावळीत कुणाचा तरी बाप किंवा कुणाचा तरी मुलगा म्हणून हजेरी लावून निघून जातात. राजा यहोशाफाटाचा एक मुलगा मीखाएल (मराठी बायबलात दीर्घ मी आहे). थोरला भाऊ यहोराम गादीवर बसला आणि त्यानं आपले सगळे सख्खे भाऊ कापून काढले, त्यात हाही गेला.

त्याहून मजेदार आहे सथूरचा बाप. यहुद्यांचा नेता मोशे, त्यानं कनान देश हेरायला बारा वंशांचे बारा जण पाठवले. आशेर वंशाचा हेर ‘मीखाएलाचा मुलगा सथूर’. बारापैकी दहा जण परत येऊन रडले की ते लोक धिप्पाड आहेत, आपला निभाव लागायचा नाही. त्या दहांत सथूरही होता. पुढं तालमूदमध्ये (यहुदी धर्मपंडितांच्या चर्चांचा तो महाकाय ग्रंथ) एका रब्बींनी या नावाची फोडच बदलून टाकली. मिखाएल नाही, ‘माख-एल’ वाचा, म्हणजे ‘देव दुबळा’. ज्याच्या पोरानं देवाला दुबळं ठरवलं त्याचं नाव दुसरं काय असणार! शब्द फिरवून टोला हाणायची ही हातोटी आपल्या कीर्तनकारांना लगेच ओळखू येईल.

बाईच्या नावातही हे येतं. शौल राजाची धाकटी मुलगी मीखल, पुढं राजा झालेल्या दाविदाची पहिली बायको. मीखल हे मीखाएलचंच आटलेलं रूप असावं असं बरेच अभ्यासक मानतात. बापानं नवऱ्याला मारायला माणसं पाठवली तेव्हा हिनं दाविदाला खिडकीतून खाली सोडलं, आणि अंथरुणात घरातली मूर्ती निजवून तिच्या डोक्याला बकऱ्याचे केस लावले, वर पांघरूण घातलं. माणसं आली तर म्हणाली, आजारी आहे. मला या साऱ्या कथेत देवदूतापेक्षा ही बाई जास्त आवडते. इस्रायलमध्ये मिखाल हे मुलींचं आजही नेहमीचं नाव आहे.

आणि संदेष्टा मीखा. त्याचं नाव ‘मीखायाहू’चं लघुरूप. ‘एल’च्या जागी ‘याहू’, म्हणजे देवाचं खास यहुदी नाव, प्रश्न तोच. त्याच्या पुस्तकाच्या शेवटी येतं की तुझ्यासारखा देव कोण, जो अपराधांची क्षमा करतो? स्वतःच्या नावावरच केलेली ही कोटी असावी. समुद्र ओलांडल्यावर मोशेनं गायलेल्या गीतातही हाच सवाल आहे, ‘मी खामोखा’, तुझ्यासारखा कोण? ती ओळ यहुद्यांच्या रोजच्या प्रार्थनेत आहे. तेव्हा मिखाएल हे नाव हिब्रू कानाला परकं, गूढ वगैरे वाटत नाही. रोज तोंडात असलेली ओळ नाव होऊन घरात वावरते, इतकंच.

देवदूत मिखाएल येतो तो फार उशिरा, दानीएलाच्या पुस्तकात. हे पुस्तक आजच्या रूपात इसवी सनापूर्वी १६५ च्या सुमाराला तयार झालं असं बहुतेक अभ्यासक धरतात. ग्रीक राजा अँटिओकस चौथा यहुद्यांच्या धर्मावर उठला होता तो काळ. त्यात प्रत्येक राष्ट्राला वर एक पालक ‘अधिपती’ आहे. पारसाचा एक, ग्रीसचा एक, आणि इस्राएलचा मीखाएल. खाली राज्यं भांडतात तसे वर हे भांडतात. संपूर्ण हिब्रू बायबलात नाव घेऊन ओळख होते ती दोनच देवदूतांची, गब्रिएल आणि मीखाएल, आणि दोघंही याच पुस्तकात. त्याआधीचे देवदूत बिननावाचे. येतात, निरोप सांगतात, जातात. हिब्रूत त्यांना ‘मलआख’ म्हणतात, आणि हा शब्द राजानं पाठवलेल्या साध्या जासुदालाही चालतो. आपला ‘देवदूत’ त्याचं नेमकं भाषांतर आहे. फारसी ‘फरिश्ता’चाही मूळ अर्थ ‘पाठवलेला’.

मग नावं आली कुठून? जेरुसलेमच्या तालमूदमध्ये सरळ लिहून ठेवलंय की देवदूतांची नावं आपण बाबिलोनहून परतताना सोबत आणली. स्वतःच्या धर्मातली एखादी गोष्ट परदेशातून आली हे इतक्या निवांतपणे सांगणारे धर्मपंडित कमीच.

नाव मिळालं तसे स्वभाव चिकटले. एका मिद्राशात (धर्मग्रंथावरच्या जुन्या यहुदी भाष्यात) म्हटलंय, मिखाएल सगळा बर्फाचा आणि गब्रिएल सगळा आगीचा, पण दोघं शेजारी उभे राहतात आणि एकमेकांना इजा करत नाहीत. रात्री झोपताना म्हणायच्या यहुदी प्रार्थनेत चारी बाजूंना पहारा बसवलेला असतो : उजवीकडे मिखाएल, डावीकडे गब्रिएल, पुढं उरिएल, मागं रफाएल, आणि डोक्यावर स्वतः देवाचं सान्निध्य. ज्यानं लहानपणी दिवेलागणीला रामरक्षा म्हटलीये त्याला हे समजावून सांगायला नको. अंधारात पडलेल्या लहान पोराला चहूबाजूंनी कुणीतरी लागतंच.

पण त्याच पंडितांनी लगाम आवळूनही धरला होता. माणसाच्या दरबारी गेलात तर आधी दारावरच्या नोकराला गाठावं लागतं, तो आत जाऊन वर्दी देतो. देवाचं तसं नाही. देव म्हणतो, संकट आलं तर मिखाएलाला हाक मारू नका, गब्रिएलालाही मारू नका, मला मारा, मी लगेच ओ देईन. म्हणजे ज्याच्या नावातच ‘देवासारखा कोण’ आहे त्याला देवाच्या जागी बसवू नका. ही ताकीद द्यावी लागली याचाच अर्थ लोक बसवत होते.

इथं आपल्या कोकणात जरा वळतो, कारण वळायला रास्त कारण आहे. तालमूदमध्ये देवदूतांच्या वेगाचा हिशेब आहे. मिखाएल एका झेपेत पोचतो, गब्रिएल दोन झेपांत, एलिया संदेष्टा चार झेपांत, आणि मृत्यूचा दूत आठ झेपांत. (साथीच्या काळात मात्र तोही एका झेपेत.) यातला चार झेपांचा एलिया म्हणजे रायगड जिल्ह्यातल्या बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या यहुदी लोकांचा एलियाहू हनाबी. अलिबागजवळ सागावला एका खडकावर त्याच्या रथाच्या चाकांच्या खुणा दाखवतात. नवस फेडायचा, लग्नकार्य असलं, तर त्याच्या नावानं मलिदा करतात : भिजवलेले पोहे, खोबरं, साखर, सुकामेवा, वर फळं. मिखाएलाची झेप मोठी खरी, पण कोकणातल्या यहुद्यांच्या घरात मुक्कामाला आला तो एलिया.

या लोकांच्या नावांत मला एक सुंदर गोष्ट दिसते. मुंबईतलं सगळ्यांत जुनं सिनेगॉग (यहुद्यांचं प्रार्थनामंदिर) १७९६ सालचं, मशीद बंदर भागातलं. ते उभारणारे सामाजी हसाजी दिवेकर. सामाजी म्हणजे सॅम्युएल, हसाजी म्हणजे एझिकेल, हिब्रूत शमुएल आणि यहेज्केल. दोन्ही नावांच्या शेवटी ‘एल’, देव. मराठीत येताना तो एल गळाला आणि तिथं ‘जी’ येऊन बसला. देव गेला, मान आला! तसेच अब्राहमचे अबाजी, बेंजामिनचे बनाजी, मोशेचे मुसाजी. आडनावं तर गावावरूनच, दिवेकर, केहिमकर, पेणकर. वेगळं सांगितल्याशिवाय कळू नये इतकी मराठी.

ख्रिस्ती जगात मिखाएलची बढती झाली. नव्या करारातल्या ‘प्रकटीकरण’ या शेवटच्या पुस्तकात स्वर्गात युद्ध होतं. मीखाएल आणि त्याचे दूत अजगराशी लढतात, आणि अजगर, म्हणजे सैतान, खाली पृथ्वीवर फेकला जातो. पुढच्या कथाकारांनी नावाचा अर्थ या प्रसंगात चपखल बसवला. सैतानाचा गुन्हा काय, तर मी देवासारखा होईन म्हणाला. त्यावर मीखाएल ओरडला : देवासारखा कोण? नाव हीच आरोळी. लॅटिनमध्ये ‘क्विस उत देउस’ असं ते चित्रांत त्याच्या ढालीवर लिहिलेलं दिसतं. ढालीवर नाव लिहायची कल्पना त्याहून जुनी आहे. मृत समुद्राकाठच्या गुहांत सापडलेल्या गुंडाळ्यांपैकी एकीत अखेरच्या महायुद्धाची आखणी आहे, तिथंही ढालींवर मिखाएल, गब्रिएल ही नावं लिहायला सांगितलंय.

पण लोकांना तलवार नंतर आवडली. आधी त्यांना मिखाएलकडून औषध हवं होतं. आजच्या तुर्कस्तानात त्याच्या नावाचे झरे होते, रोगी तिथं जाऊन आंघोळ करत, रात्र काढत. गर्दी इतकी वाढली की त्याच टापूतल्या लाओदिकिया गावी चौथ्या शतकात भरलेल्या धर्मसभेनं देवदूतांची पूजा करू नका असं बजावलं. उपयोग काय झाला असेल ते आपल्याला कुणी सांगायला नको. पुढं ७४५ साली रोमच्या सभेनं तडजोड केली. देवदूतांची नावं घ्यायचीच तर तीनच घ्या, मिखाएल, गब्रिएल, रफाएल. बिचारा उरिएल त्या यादीतून कटला.

हा उंचावर राहणारा देव, माफ करा, दूत. चुकून लिहिलं, पण खोडत नाही, कारण हीच तर गडबड दोन हजार वर्षं होत आलीये. त्याची ठाणी डोंगरावर, सुळक्यावर, गुहेत. इटलीत गार्गानोच्या डोंगरात गुहा. फ्रान्समध्ये समुद्रातल्या खडकावर माँ-सॅं-मिशेल. आख्यायिका अशी की ७०८ साली अव्राँशचे बिशप ओबेर यांना स्वप्नात मिखाएल आला, म्हणाला, त्या खडकावर माझं देऊळ बांध. बिशपनी कानाडोळा केला. पुन्हा आला, पुन्हा तेच. तिसऱ्यांदा आला तेव्हा त्यानं बिशपच्या डोक्यात बोट खुपसलं. अव्राँशच्या चर्चमध्ये एक कवटी जपून ठेवलीये, तिच्यावर बोटाच्या पेराएवढं गोल भोक. आमच्याकडं देवी अंगात येऊन देऊळ बांधून घेते, पण कवटीला भोक पाडल्याचं ऐकलेलं नाही.

रोममध्येही तो उंचावरच आहे. ५९० साली शहरात प्लेगनं माणसं पटापटा मरत होती. पोप ग्रेगरी मिरवणूक घेऊन निघाले, आणि सम्राट हेड्रियनच्या थडग्यावर त्यांना मिखाएल दिसला, तलवार म्यान करताना. साथ हटली, अशी कथा. थडग्याचं नाव पडलं कास्तेल सांत’आंजेलो, देवदूताचा किल्ला, आणि तलवार म्यान करणारा ब्राँझचा मिखाएल आज त्याच्या माथ्यावर उभा आहे. युरोपातल्या जुन्या चर्चच्या भिंतींवर तो तराजू घेऊनही दिसतो, मेलेल्यांचे आत्मे तोलणारा. कोपऱ्यात एखादं भुतुकलं पारडं आपल्याकडं ओढायचा खटाटोप करत असतं. चित्रगुप्ताची वही ठाऊक असणाऱ्याला त्या तराजूपाशी क्षणभर थांबावंसं वाटतंच.

इस्लाममध्ये तो मीकाल किंवा मीकाईल. कुराणात दुसऱ्या सूरेत जिब्रीलच्या, म्हणजे गब्रिएलच्या, जोडीनं एकदाच नाव येतं. परंपरेत त्याच्याकडं पाऊस आणि रोजीरोटीचं खातं. इथिओपियात दर महिन्याच्या बाराव्या तिथीला त्याचा दिवस असतो, आपल्या संकष्टीसारखा नेमानं येणारा.

नाव माणसांत पसरलं ते या साऱ्याच्या मागोमाग. ग्रीकांचा मिखाईल, इटालियनांचा मिकेले, फ्रेंचांचा मिशेल, स्पॅनिश-पोर्तुगीज मिगेल, हंगेरीत मिहाय. चित्रकार मिकेलांजेलोच्या नावात तर मिकेलेला ‘आंजेलो’ही जोडलेला आहे, म्हणजे दूतासकट. कॉन्स्टँटिनोपलच्या गादीवर नऊ मिखाईल बसले. रशियात रोमानोव्ह घराण्याचा पहिला झार मिखाईल, १६१३ साली. आणि १९१७ मध्ये निकोलसनं गादी सोडली ती भावाच्या नावे, तो भाऊही मिखाईल. त्यानं दुसऱ्याच दिवशी नको म्हणून सांगितलं. इंग्रजीत मात्र ‘मी’चा ‘माय’ झाला, कारण काही शतकांपूर्वी इंग्रजीतले लांब स्वर एकजात सरकले. त्यामुळं आज आपण ज्याला मायकल म्हणतो त्याच्या नावात ‘कोण’ ओळखू येण्याची शेवटची आशाही संपली. मराठी कानाला तर तिथं माय ऐकू येते.

नाव फार झालं की त्याचा सदू होतो. जर्मनीत ‘मिखेल’ हा व्यंगचित्रातला टिपिकल जर्मन माणूस : डोक्यावर झोपायची टोपी, भोळा, सगळं सहन करणारा. ज्याच्या नावानं सैतान हादरला त्याला टोपी घालून झोपवला. इंग्लंडात २९ सप्टेंबर, मायकलचा सण, हा भाडी चुकती करायचा आणि नोकर ठेवायचा दिवस झाला. ऑक्सफर्ड-केंब्रिजचं पहिलं सत्र आजही त्याच सणाच्या नावानं ओळखतात.

आपल्याकडं तो पोर्तुगीजांबरोबर उतरला. मिगेलचा कोकणी जिभेवर मिंगेल झाला, मधे एक अनुस्वार घालून कानाला गोड केलेला. गोव्यात हणजुण्याचं चर्च त्याचं आणि ताळगावचंही. ताळगावात ऑगस्टमध्ये भाताची पहिली कणसं कापून चर्चमध्ये आणतात, कणसांचं फेस्त. बर्फाचा देवदूत, सैतानाचा काळ, पण ताळगावात त्याच्यापुढं नवं भात. आमच्याकडं नवान्न जसं दाराला बांधतात तसंच.

मुंबईत माहीमचं सेंट मायकल. मूळ चर्च सोळाव्या शतकातलं, आजची इमारत १९७३ ची. १७३९ साली मराठे वसईवर चालून आले त्या धामधुमीत बांद्र्याच्या टेकडीवरचं माउंट मेरीचं चॅपल पडलं. तिथली मातेची प्रतिमा या मायकलकडं आणून ठेवली, आणि १७६१ मध्ये ती परत बांद्र्याला गेली. पाहुणी गेली, पण मायकलच्या घरात मातेचंच राज्य राहिलं. दर बुधवारी तिथं निरंतर साहाय्य मातेचा नोव्हेना, म्हणजे तिची खास प्रार्थना, असतो. बुधवारी माहीमच्या नाक्यावर बस सरकत नाही ती त्यामुळं. फुलं, मेणबत्त्या, कडेवर पोरं, कपाळावर कुंकू लावलेल्या बाया, बुरखेवाल्याही. नाव मायकलचं, गर्दी आईची. त्यातल्या कितीजणी त्या दिवशी ‘मायकल’ हा शब्द उच्चारत असतील? बसचा स्टॉप विचारताना, बहुधा.

अमेरिकेत या नावानं जो कहर केला त्याला तोड नाही. १९५४ ते १९९८, मधलं एक १९६० साल सोडलं (तेव्हा डेव्हिड पुढं गेला), तर दरवर्षी मुलांच्या नावांत मायकल पहिला. मायकल जॅक्सन १९५८ चा, मायकल जॉर्डन १९६३ चा, दोघंही याच लाटेतले. १ नोव्हेंबर १९९६ ला जॅक्सन अंधेरीत नाचून गेला आणि आमच्या गल्लीतल्या निम्म्या पोरांचं टोपणनाव मायकल पडलं. देवासारखा कोण, हा प्रश्न त्या रात्री अंधेरीत विचारला असता तर उत्तर वेगळं आलं असतं.

एवढं सगळं काही मी ग्रुपवर लिहिलं नाही. लिहिलं ते इतकंच की ‘देवासारखा’ नाही, ‘देवासारखा कोण?’ आहे. मावशीनं विचारलं, मग वाईट आहे का अर्थ? म्हटलं नाही गं, आपल्या अतुलसारखाच आहे, फक्त कौतुक पोराचं नाही, देवाचं.

मुलगा झाला. नाव मिखाएल ठेवलं. सासूबाईंना मिंगेल मिळाला, नव्या पिढीला जरा वेगळं काहीतरी. पण चार अक्षरं आमच्या घरात टिकतायत थोडीच. आठवड्याभरात ‘एल’ गळाला आणि व्हिडिओ कॉलवर सगळे त्याला मिखा म्हणू लागले. मला हसूच आलं. नावातला देव गेल्यावर हिब्रूत उरतं ते एवढंच : कोण, सारखा. मराठीत जोडलं तर : कोणासारखा? आणि कॉल लागला की पहिली पंधरा मिनिटं आमच्याकडं दुसरा विषय नसतो. मावशी म्हणते, नाक आमच्या अण्णांचं. म्हापशाहून सासूबाई म्हणतात, छे हो, मिंगेलचं.